फॉरवर्ड झालेलं गाऱ्हाणं

गोकुळदास हळर्णकरांची मूळव्याध ही खरं तर घरातली बाब. बायकोला ठाऊक असावी, साखळीच्या डॉक्टरला असावी, संपलं. ती पेडणे आणि डिचोली अशा दोन तालुक्यांची बाब झाली, आणि त्यात कुणा दुष्मनाचा हात नव्हता. हात गोकुळदासांचाच होता. त्यातही उजव्या हाताचं, अंगठ्याशेजारचं बोट. त्या बोटाकडे बघायचं ते हल्ली टाळतात.

पण मूळव्याधीचं काय एवढं, ती आज आहे, उद्या नाही. ह्या भानगडीत खरं गेलं ते पांडुरंगाचं बोलावणं. ते नीट समजायचं तर गेल्या चवथीपासून सुरुवात करायला हवी.

गोकुळदास साखळीत एका सरकारी कचेरीत हेडक्लार्क. राहायला तिथंच, फ्लॅटमध्ये. पण गणपती हळर्णच्या घरी. चवथीला आपला माणूस कुठंही असो, गावच्या घरी जाऊन देवाच्या डोक्यावर माटोळी बांधणार म्हणजे बांधणारच. नारळ, सुपारीचे घोस आणि रानातली नाना फळं वर टांगल्याशिवाय चवथ झाल्यासारखी वाटतच नाही. गेल्या वर्षी मात्र गोकुळदासांचा मुलगा गौरेश आला नाही. तो बोटीवर नोकरीला, रजा मिळाली नाही. त्याने कुठल्याशा बंदरातून फोन केला, "बाबा, काही नको, पांडुरंगची आरती तेवढी रेकॉर्ड करून पाठव."

पांडुरंग कोण, असं हळर्णात विचारलंत तर लोक हसतील. तुम्ही बाहेरचे, म्हणून सांगायला हवं. पांडुरंग मूळचा पलीकडचा, सिंधुदुर्गातला. खाणींवर टिपर चालवायला आला आणि इथलाच झाला. पुढं खाणी बंद पडल्या, टिपर दारात गंजत राहिला. भले भले तेव्हा कपाळाला हात लावून बसले. हा उभा राहिला तो गळ्यावर. घुमट-शामेळ ह्या वाद्यांच्या साथीने आरती अशी म्हणायचा की रस्त्याने जाणारा पोदेरसुद्धा सायकल थांबवून, पावाची टोपली तशीच ठेवून ऐकत राही. आणि आरतीपेक्षाही मोठं काम म्हणजे त्याचं गाऱ्हाणं. आरती संपली की सगळ्या घराच्या वतीने एकाने देवाशी मोठ्याने बोलायचं आणि दर वाक्याला बाकीच्यांनी "होय महाराजा!" म्हणून होकार भरायचा. नवी रिक्षा घेतली, बोलवा पांडुरंगाला. विहीर खणायची, पोराला नोकरी लागत नाही, दुकान उघडायचं, बोलवा पांडुरंगाला. त्यावर पोट किती भरत होतं ते तो जाणे, पण माणूस म्हणून तो त्या बोलावण्यावरच उभा होता.

गाऱ्हाण्याआधी यजमानाने पांडुरंगाच्या कानात आपली अडचण सांगायची, अशी रीत. लोक दोन शब्दांत सांगतात. गोकुळदास पडले हेडक्लार्क. त्यांनी पांडुरंगाचा कान धरला तो विषय, संदर्भ, सविस्तर टिपण असं सगळं ओतूनच सोडला. निरंजनातलं तूप संपत आलं तरी कुजबुज चालूच. शेवटी त्यांच्या बायकोने, गंगाबाईने, "अहो, देवाला उद्याचा पण दिवस आहे" असं म्हटलं तेव्हा कुठं कान सुटला.

त्या आधीच गोकुळदासांनी जनेलाच्या, म्हणजे खिडकीच्या, कट्ट्यावर फोन उभा करून ठेवला होता. पांडुरंगाच्या नजरेतून तो सुटला नाही.

"गोकुळबाब, ह्यो फोन हंयसर कित्याक?"

"अरे, गौरेशसाठी. फक्त गौरेशसाठी. गणपतीची शपथ."

"गौरेशाक धाडा, तो आपलोच. पण भायर नको हां. देवाच्या कानात घातलेला चार माणसांच्या कानात गेला, तर मगे देवाक तेची चव रवना नाय."

गोकुळदासांनी पुन्हा शपथ घेतली. आणि बघा हो योगायोग, त्याच दिवशी पांडुरंगाच्या आरतीच्या मेळातल्या बाबलीचा हात दुखत होता. हा म्हातारा बाबली कासाळें वाजवायचा, म्हणजे ते पितळेचे टाळ. त्याने ते गोकुळदासांच्या हाती दिले. जन्मात कधी कुणी गोकुळदासांच्या हाती वाद्य दिलं नव्हतं. शाळेत असताना दिलं होतं, ते मास्तरांनी लगेच काढून घेतलं होतं.

आरती झाली ती मात्र अफलातून. पांडुरंगाचा गळा असा लागला की माटोळीतली तोरिंजनाची फळंसुद्धा हलल्यासारखी वाटली. आणि मग त्याने हात जोडून गाऱ्हाणं घातलं.

"बा देवा गणपती महाराजा! ह्या हळर्णकरांच्या घरातली लेकरां आज तुझ्या पायाकडे उभी आसत. काय वाकडा-तिकडा घडला आसात ता पोटात घाल रे महाराजा!"

"होय महाराजा!"

"ह्या घरचो मालक गोकुळदास. तेका बसूक जमणा नाय, उठूक जमणा नाय, कचेरीत कदेलीवर उशी घेऊन बसता. तेची ती मूळव्याध मुळासकट काढ रे महाराजा!"

"होय महाराजा!"

"तेच्या चेडवाक, गौरवीक, बघून गेल्ल्या मयेच्या पावण्यांनी 'कळवतंव' म्हणान सगळो पावस घालवल्यानी. तेंका काय ती बुद्धी दी, नाय तर दुसरो चांगलो झील हाडून उभो कर रे महाराजा!"

"होय महाराजा!"

"कचेरीतलो वरचो सायब तेका बढती देणा नाय. तेची लांब काणकोणाक बदली कर रे महाराजा!"

"होय महाराजा!" हे सगळ्यांत मोठ्याने गोकुळदासच म्हणाले. त्यांचं समाधान चेहऱ्यावर मावत नव्हतं.

ठरल्याप्रमाणे रेकॉर्डिंग गौरेशला गेलं. इथवर सगळं धर्माला धरून. दुसऱ्या दिवशी गौरेशचा निरोप आला, "मस्तच. बाबा, कासाळें कोण वाजवतंय? एकदम टाळात टाळ!"

संपलं. माणसाचा नाश व्हायला शत्रू लागत नाही, कौतुक पुरतं. गोकुळदासांनी ते रेकॉर्डिंग लावून ऐकलं. म्हणजे कासाळें जोरात वाजतं तेवढा भाग परत परत ऐकला. मग वाटलं, आपल्या मेहुणीला, क्षमाला ऐकवावं. क्षमा दिली होती मयेला, आणि ती गोकुळदासांना कायम "भावजी, तुम्हाला ताल कळत नाही" म्हणून चिडवायची. तिला पाठवलं. पाठवताना बोट थरथरलं नाही की काही नाही. आणि एकदा शपथ मोडलीच आहे तर नीट मोडावी, अशा विचाराने म्हणा, त्यांनी ते कचेरीच्या ग्रुपवरही टाकलं. खाली लिहिलं, "कासाळेंवादन : अस्मादिक. शेवटपर्यंत ऐकावे ही नम्र विनंती."

शेवटपर्यंत ऐकावे! अहो, स्वतः तरी ऐकायचं होतं!

दुपारी जेवून पडले असताना ग्रुपवर वरच्या साहेबांचं उत्तर आलं. दोनच शब्द. "होय महाराजा."

साहेब एवढे भाविक आहेत हे आपल्याला ठाऊकच नव्हतं, असं गोकुळदास बायकोला म्हणाले. गंगाबाईने विचारलं, "गाऱ्हाणं पण त्यात आलंय का हो?" गोकुळदासांनी फोन कानाला लावला, आरती पुढं ढकलली आणि ऐकलं. त्यांनी घाईघाईने ते काढून टाकायचं बटण दाबलं. फोनने विचारलं, सगळ्यांसाठी काढू की फक्त तुमच्यासाठी? गोकुळदासांच्या डोळ्यांपुढं साहेबांचा चेहरा होता, अक्षरं दिसत नव्हती. त्यांनी फक्त स्वतःपुरतं, फोनमधल्या मूळ रेकॉर्डिंगसकट, काढून टाकलं. आता ते गाऱ्हाणं जगात सगळ्यांकडे होतं, गोकुळदास सोडून.

चवथ उरकून साखळीला परतल्यावर ते तडक जयरामकडे गेले. जयराम म्हणजे त्यांच्याच इमारतीतला, खालच्या मजल्यावरचा. बाजारात त्याचं दुकान आहे. एके काळी ते कॅसेटचं दुकान होतं. भजनं, नाट्यपदं, जत्रांतले दशावतार, सगळं त्याच्याकडे मिळायचं. हल्ली तिथं मोबाईलची कव्हरं लोंबकळतात आणि एका कोपऱ्यात तो लोकांना चिपीत गाणी भरून देतो. त्याने सगळी हकिगत शांतपणे ऐकली आणि बराच वेळ हसला.

"काय मरे गोकुळदास, आता मागं फिरवायला बघतोस? ते फिरत नसतं. मला विचार. माझ्याकडे भिंतभर कॅसेटी होत्या. लोक लग्नाची खरेदी करावी तसे येऊन एकेक निवडून न्यायचे. मग आल्या सीड्या. मी म्हटलं, चला, सीड्या विकू. मग एकजण आला, म्हणाला, जयरामबाब, ह्या नखाएवढ्या चिपीत गाणी घालून द्या. मी हौसेने घालून दिली. कोणती म्हणशील? सगळी! माझं अख्खं दुकान त्याच्या नखावर बसवून दिलं. तो परत आलाच नाही. कशाला येईल? दुकान खिशात घालून घेऊन गेला होता. त्याने ते शेजाऱ्याला दिलं, शेजाऱ्याने मेव्हण्याला. मग तो पण आला नाही. गाणाऱ्यांना वाटलं, जयरामने फसवलं. मला वाटलं, लोकांनी फसवलं. लोकांना वाटलं, यात फसवण्यासारखं काय आहे, गाणं तर आहे तिथंच आहे!"

"ते झालं तुझं. आता मी काय करू ते सांग."

"लोकांना सरळ लिही, डिलीट करा म्हणून. सभ्य माणसं आहेत, करतील."

आता हा सल्ला खरा होता की जयराम मजा बघत होता, हे अजून कळलेलं नाही. गोकुळदासांनी सगळ्या ग्रुपांवर लिहिलं, "माझ्या घरच्या आरतीचे रेकॉर्डिंग आपणाकडे आले असल्यास ते न ऐकता, विशेषतः शेवटचा भाग न ऐकता, त्वरित नष्ट करावे. आपला, गोकुळदास." ज्यांनी आजवर नुसती आरती ऐकली होती त्यांनी तातडीने शेवटचा भाग ऐकला. ज्यांच्याकडे रेकॉर्डिंग नव्हतंच त्यांनी ते इतरांकडून मागवून घेतलं.

सोमवारी कचेरीत गेले तर त्यांच्या जागी नवी कदेल, म्हणजे खुर्ची. वेताची, मधोमध भोक ठेवलेली. साहेबांनी खास मागवली होती. त्यावर कचेरीच्या सामानाचा क्रमांकसुद्धा पांढऱ्या रंगाने घातलेला. "हळर्णकर, आरामात बसा," साहेब म्हणाले, "मी काही एवढ्यात काणकोणाला जात नाही." सगळ्या कचेरीने माना खाली घातल्या. खांदे मात्र हलत होते. गोकुळदास दिवसभर उभ्याने फायली बघत राहिले, पण त्या कदेलीवर बसले नाहीत. बसले असते तर बरं वाटलं असतं, पण स्वाभिमान म्हणून काही आहे की नाही?

स्वाभिमानाच्याच भरात ते पोलीस स्थानकावर गेले. तिथला हवालदार भला माणूस होता. त्याने खुर्ची पुढं केली, आणि गोकुळदासांनी ती नाकारली तेव्हा कारणही विचारलं नाही.

"तक्रार काय?"

"माझ्या घरातलं खासगी बोलणं लोकांत पसरवलं गेलं आहे."

"रेकॉर्ड कुणी केलं?"

"मी."

"पसरवलं कुणी?"

"म्हणजे, सुरुवात... मी."

"आणि तक्रार कोण करतोय?"

"मी."

हवालदाराने पेन खाली ठेवलं. "गोकुळदासबाब, तुम्हालाच आत घालून तुम्हालाच न्याय द्यायचा, असं कलम माझ्या तरी पाहण्यात नाही. बरं, पसरलंय काय ते तरी ऐकू द्या. मजकूर कळल्याशिवाय नोंद कशी घ्यायची?" गोकुळदासांकडे ते नव्हतंच. शेजारच्या टेबलावरच्या शिपायाकडे निघालं. त्याने लावलं. पांडुरंगाचा गळा स्थानकात घुमला आणि बघता बघता सगळ्यांनी टोप्या काढल्या. गाऱ्हाणं सुरू झालं तशी सवयीने प्रत्येकाच्या तोंडून "होय महाराजा!" निघू लागलं. कोठडीच्या बाजूनेही एक आवाज आला. संपल्यावर हवालदार डोळे पुसून म्हणाला, "हसण्यासारखं काहीच नाही यात, बाब. किती गोड म्हटलंय. मला पण पाठव रे." हे शेवटचं शिपायाला.

येताना जयरामच्या दुकानावरून वाट. तिथं एका गिऱ्हाइकाच्या चिपीत तेच भरणं चाललेलं. "जयराम! तू पण?"

"मागणी आहे रे बाबा. सगळ्यांना पांडुरंगाची आरती हवी."

"आरती दे! गाऱ्हाणं तेवढं काप!"

जयरामने जीभ चावली. "गाऱ्हाणं मध्येच कापू? देवाकडे चाललेलं बोलणं? पाप कुणाच्या माथी? तू घेतोस?"

इथं सगळंच अडलं. गोकुळदास पुढं ज्याच्या ज्याच्याकडे गेले त्याने हेच सांगितलं. एरवी ही माणसं दुसऱ्याचा बांध कोरताना कचरत नाहीत, पण गाऱ्हाणं कापायला एकाचाही हात पुढं येईना. गोकुळदासांनी स्वतः कापायचं म्हटलं तर त्यांचाही धीर होईना. मूळव्याधीचं मागणं कापलं आणि देवाने ते मागे घेतलं असं समजलं तर?

रविवारी ते बसने मयेला गेले, क्षमाला जाब विचारायला. "भावजी, मी कुठं बाहेर दिलं?" ती डोळे मोठे करून म्हणाली. "आमच्या फुगडीच्या ग्रुपवर तेवढं टाकलं. त्या सगळ्या घरच्याच. आणि कासाळें काही वाईट नाही हां, दोनदाच चुकलंय."

तिच्या अंगणातून पलीकडे तळ्याकाठी गर्दी दिसत होती. सर्वेश नावाच्या तिच्या शेजाऱ्याने नवा टेम्पो घेतला होता, त्याची पूजा. झेंडूची माळ, लिंबू-मिरची, नारळ, सगळं होतं. टेम्पोच्या टपावर डब्यासारखा एक स्पीकर होता आणि त्यातून पांडुरंग गात होता. गोकुळदासांना वाटलं, माणूस कुठं तरी पलीकडे उभा असेल. ते टेम्पोला वळसा घालून आले. पलीकडे कुणीच नव्हतं.

"पांडुरंगाला नाही बोलावलं?" त्यांनी सर्वेशला हळूच विचारलं.

"बोलावायचा कशाला? आहे ना हा." सर्वेशने टपाकडे बोट केलं. "त्याच्या सवडीची वाट बघायला नको, न्यायला-आणायला नको. आणि हा कधी थकत पण नाही."

मग गाऱ्हाणं आलं. मयेच्या तळ्याकाठी, नव्या कोऱ्या टेम्पोपुढं, बाया-बापड्या, पोरंटोरं, तळं बघायला आलेले दोन पाहुणे, सगळे हात जोडून उभे. "ह्या घरचो मालक गोकुळदास, तेका बसूक जमणा नाय..." आणि सगळी मंडळी मनापासून म्हणाली, "होय महाराजा!" कुणी हसलं नाही. हसले असते तर गोकुळदास रागावून निघून तरी गेले असते. टेम्पोवाल्याची आई तर डोळे मिटून, पदर पसरून, कधी न पाहिलेल्या माणसाच्या मूळव्याधीसाठी मागत होती. गोकुळदासही हात जोडून उभे राहिले आणि खाली मान घालून हळू आवाजात "होय महाराजा" म्हणाले. लाज म्हणजे काय, हे त्यांना वेताच्या कदेलीने शिकवलं नव्हतं, ते त्या म्हातारीने शिकवलं.

त्याच गर्दीत गौरवीला बघून गेलेले ते 'कळवतो'वाले पाहुणेही होते. आपल्याला बुद्धी द्यावी ह्या मागण्याला त्यांनीही होकार भरलेला गोकुळदासांनी स्वतः पाहिला. पुढं त्यांनी खरंच कळवलं, की आम्हाला पसंत आहे. त्यावर गौरवीने पणजीहून फोन करून बापाला सांगितलं, "त्यांना म्हणावं, आता मी कळवते." आणि ती महिनाभर बापाशी बोलली नाही. तिच्या बँकेत रांगेतली माणसंसुद्धा "लग्न जमलं का गं?" असं विचारत होती, तेव्हा तिचंही काही चुकलं नाही.

मयेहून आल्यापासून गोकुळदासांनी डिलीट करा म्हणणं सोडून दिलं. आता त्यांना नुसती आपलीच फाईल ऐकू येत नव्हती, पांडुरंग कुठंच दिसत नव्हता तेही दिसायला लागलं. दुकानांची उद्घाटनं झाली, घरभरण्या झाल्या, नव्या गाड्या आल्या. सगळीकडे त्याचा आवाज, तो कुठंच नाही. एकदा साखळीच्या बसस्टँडवर तो समोरून आला. कुठं तरी राखणदाराची नोकरी आहे का बघायला आला होता, असं नंतर कळलं. गोकुळदास चटकन भज्यांच्या गाड्यामागं गेले. पांडुरंगाने पाहिलं. पाहूनही न पाहिल्यासारखं केलं आणि पेडण्याच्या बसमध्ये चढला. शपथ मोडणारा लपला आणि ज्याची मोडली त्याने त्याची अब्रू राखली. त्या रात्री गोकुळदास जेवले नाहीत. गंगाबाईने विचारलं तर म्हणाले, "भजी खाल्ली."

"त्याच्याकडे जा आणि सांगा, चुकलं म्हणून," गंगाबाई म्हणाली.

"जाईन."

पण ते गेले नाहीत. आज कचेरी, उद्या पाऊस, परवा बस नाही. शरमेला निमित्त लागतच असतं. असं करता करता वर्ष सरलं आणि पुन्हा चवथ आली.

ह्या वर्षी हळर्णच्या घरी माटोळी नेहमीपेक्षा मोठी बांधली. दिवेलागण झाली, निरंजन तयार झालं, गोड नेवऱ्यांचं ताट देवापुढं आलं. गोकुळदास दारात उभे राहून घुमटाच्या आवाजाची वाट बघत होते. वाड्यावरच्या घराघरांतून आरती ऐकू येत होती, सगळीकडे तीच. त्यांच्याच कासाळ्यासकट. मेळाचा पत्ता नव्हता.

"येणार नाहीत ते," गंगाबाई म्हणाली. "लोकांनी 'आम्ही लावून घेतो' म्हटल्यावर मेळ मोडला. पोरं हॉटेलांच्या नोकऱ्यांवर गेली. बाबली म्हापशाला लेकीकडे गेला. आता आपणही फोनच लावू या का?"

तिने ते मुद्दाम म्हटलं होतं आणि लागायचं तिथंच लागलं. गोकुळदासांनी पायांत चपला सरकवल्या आणि ते खालच्या वाड्यावर पांडुरंगाच्या घराकडे निघाले. वाटेत त्यांनी सगळं जुळवून ठेवलं होतं. आधी माफी, मग विनवणी, मग पाया पडणं.

अंगणात पोचले आणि पाय थबकले. आतून घुमट वाजत होतं, आरती चालली होती. मेळ इथं जमलाय तर! गोकुळदासांना बरं वाटलं. त्यांनी दारातून आत डोकावलं.

लहानशी खोली. इवलासा गणपती. पाटाशेजारी कदेलीवर फोन उभा करून ठेवलेला. समोर पांडुरंग, त्याची बायको तारा आणि सून पूजा अशी तिघंच हात जोडून उभी. आरती संपली. गाऱ्हाणं सुरू झालं. पांडुरंग स्वतःच्या गणपतीपुढं उभा राहून स्वतःचा आवाज ऐकत होता आणि तो आवाज गोकुळदासांच्या घरासाठी मागत होता. प्रत्येक मागण्याला पांडुरंग डोळे मिटून, मनापासून म्हणत होता, "होय महाराजा!"

संपलं तेव्हा त्याने डोळे उघडले आणि दाराकडे पाहिलं.

"या गोकुळबाब, या. भायर कित्याक? बसा." मग त्याला आठवलं. "बसूक जमता मा? बरी आसा मा आता ती?"

उशी अजून लागत होती. पण गोकुळदास म्हणाले, "बरी आहे रे. पूर्ण बरी आहे."

"व्हतलीच! दोन तालुक्यांनी मागल्यानी," पांडुरंग खूश होऊन म्हणाला. त्याच्या स्वरात टोमणा नव्हता. गोकुळदासांनी तो फार शोधला. असता तर त्यांना आधार झाला असता.

"पांडू, तुझ्या घरात हे असं, फोनवर? तू स्वतः असताना?"

"आपल्या घरचां गाऱ्हाणां आपणच घालूचा नसता, ही आमच्या मेळाची रीत. हंय दर वर्सा बाबली घालायचो. आता तो नाय. मगे म्हटला, गणपती मुको बसता नये, ह्यांच लावया."

गोकुळदासांनी वाटेत जुळवलेली माफी बाजूलाच राहिली. "पण ह्यात तुझं काही मागणं नाहीच," ते कसेबसे म्हणाले.

"नाय," पांडुरंग म्हणाला. "तुमचां तेवढां आसा."

गोकुळदासांनी पुढं होऊन कदेलीवरचा फोन बंद केला. "मी घालतो. सांग, काय मागू?" आणि त्यांनी आपला कान पुढं केला. दोन तालुक्यांच्या अडचणी ज्याच्या कानात ओतल्या गेल्या, त्याला स्वतःची अडचण कुणाच्या कानात घालायची सवय नव्हती. इतक्या वर्षांत ह्या माणसाला काय हवं असेल, हे आपण एकदाही विचारलं नाही, हे गोकुळदासांना तेव्हा पहिल्यांदा कळलं. शेवटी तारा पुढं झाली आणि तिने दोन शब्दांत त्यांच्या कानात सांगितलं.

गोकुळदासांनी हात जोडले. आवाज फुटला तो कचेरीतला.

"बा देवा गणपती महाराजा! सदरहू अर्जदार... म्हणजे मी, गोकुळदास, तुझ्या पायाशी विनंती करतो, की... तुझी शपथ घेऊन मी ती मोडली रे महाराजा!"

"होय महाराजा!" तारा खणखणीत म्हणाली.

"मला कासाळें वाजवता येत नाही आणि अक्कलही नाही रे महाराजा!"

"होय महाराजा!" पूजासुद्धा म्हणाली. पदराआड हसली की काय, ते गोकुळदासांनी पाहिलं नाही.

"ह्या पांडुरंगाचा गळा तूच दिलास. माझ्यामुळं तो सगळ्यांच्या घरी गेला आणि हा दारात राहिला. लोकांनी ह्याला पुन्हा नावाने हाक मारून घरात बोलवावं, एवढं कर रे महाराजा!"

तारा म्हणाली. पूजा म्हणाली. पांडुरंग हात जोडून उभा होता, त्याचे ओठ हलले, पण आवाज काही बाहेर आला नाही. त्याचा होकार यायचा राहिला होता, म्हणून गोकुळदासांनी तेच मागणं पुन्हा पहिल्यापासून सांगायला घेतलं.